सतरा सप्टेंबरचा धडा

नांदेड आणि लातूर हा मुलूख हैदराबादच्या निजामाच्या अमलाखाली होता त्या काळी, ज्या मुलाच्या घरी मराठी बोलली जाई त्याला प्राथमिक इयत्ता ओलांडताच सरकारी मदरशात उर्दू माध्यम स्वीकारावे लागे, तारखेत फसली सन लिहावा लागे, आणि पुढे १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठापर्यंत तोच मार्ग मोकळा असे. उर्दूच्या समृद्धीविषयी तक्रार करण्याचे कारण नाही. परंतु रियासतीच्या बहुसंख्य प्रजेच्या मातृभाषा माध्यमिक वर्गाच्या उंबरठ्याबाहेर राहिल्या, हा अन्याय होता.

खासगी शाळा काढावयाची तर सरकारची इजाजत लागे, आणि तरीही लोकांनी शाळा काढल्या. आज धाराशिव जिल्ह्यात असलेल्या हिप्परग्यास १९२१ मध्ये राष्ट्रीय शाळा सुरू झाली आणि व्यंकटेश खेडगीकर, म्हणजेच पुढचे स्वामी रामानंद तीर्थ, तिचे मुख्याध्यापक झाले. अंबाजोगाईस योगेश्वरी विद्यालय उभे राहिले. आणि १९३८ मध्ये ‘वंदे मातरम्’ म्हणण्याचा हक्क मागणाऱ्या विद्यार्थ्यांना उस्मानियातून काढून टाकण्यात आले, तेव्हा त्यांतील अनेकांना नागपूर विद्यापीठाने आश्रय दिला. मराठवाड्यात राष्ट्रभावना वर्तमानपत्रांहून अधिक अशा वर्गखोल्यांतून पसरली, असे माझे मत आहे.

१७ सप्टेंबर १९४८ रोजी भारत सरकारच्या पोलीस कारवाईने संस्थान मुक्त झाले, आणि दोनच वर्षांत स्वामीजींच्या प्रेरणेने नांदेडला पीपल्स कॉलेज निघाले, जेथे नरहर कुरुंदकरांनी पुढे प्राचार्यपद भूषविले.

आजही शाळांतून सतरा सप्टेंबरला ध्वजवंदन होते. निजामाच्या बाजूने लढणाऱ्या रझाकारांचा नेता कासीम रझवी लातूरचाच वकील होता, आणि त्याच्या रझाकारांनी खेड्यापाड्यांत केलेले अत्याचार मुलांना सांगितलेच पाहिजेत. पण पोलीस कारवाईनंतर नेहरूंनी पाठविलेल्या पंडित सुंदरलाल यांच्या पथकाने मुसलमानांच्या भीषण हत्याकांडाची नोंद करताना सर्वाधिक पीडित जिल्ह्यांत नांदेड व उस्मानाबाद (आजचे धाराशिव) यांची नावे घेतली, लातूर तेव्हा उस्मानाबादेतच होते, आणि तो अहवाल सरकारने दीर्घकाळ दडवून ठेवला. आपल्या आजोबांचा इतिहास सरकारी मदरशात नाही म्हणून ज्यांनी हिप्परगा उभारले, त्यांच्या वारसांनी लातूरच्या मुसलमान मुलाच्या आजोबांचा इतिहास वर्गाबाहेर ठेवणे मला असह्य वाटते. हे दोन्ही वृत्तांत एकाच तासाला, एकाच गुरुजींनी, सर्व मुलांसमोर सांगावेत.