मादी ते कुरैमात : उन्हाची वाफ, वायूची धग

१९१३ च्या उन्हाळ्यात, कैरोच्या दक्षिणेस नाईलच्या पूर्वतीरावर मादी येथे एक अपूर्व प्रात्यक्षिक झाले. अमेरिकन अभियंते फ्रँक शुमन यांनी पन्हळीच्या आकाराच्या पाच लांबलचक आरशांनी ऊन एकवटले, त्यावर पाण्याची वाफ केली आणि त्या वाफेवर नाईलचे पाणी शेतांसाठी उपसून दाखवले.

इजिप्तला कोळसा समुद्रापलीकडून आणावा लागे. या खटाटोपामागचे कारण तेच. (मुंबईत याच चिंतेतून विल्यम अ‍ॅडम्स यांनी १८७८ मध्ये सौर उष्णतेवर पुस्तक प्रसिद्ध केले होते. ते आज फारसे कोणाला आठवत नाही.)

१९१४ मध्ये महायुद्ध पेटले. १९१८ मध्ये शुमन निवर्तले आणि मादीचे यंत्र मोडीत निघाले. मात्र सारा दोष युद्धावर टाकणे हे इतिहासाचे सुलभीकरण ठरेल. शुमन यांची वाफ अत्यल्प दाबाची होती. स्वस्त खनिज तेलापुढे अशा यंत्राचा निभाव लागणे कठीणच होते.

त्याच तीरावर, आणखी दक्षिणेस, कुरैमात येथे २०११ मध्ये पन्हळीचे आरसे पुन्हा उभे राहिले. या खेपेस नैसर्गिक वायूच्या सोबतीने.

तेथील योजना अशी : वायूवर चालणाऱ्या टर्बाइनमधून बाहेर पडणारे धुराडी वायू पाचशे अंश सेल्सिअसहून अधिक तप्त असतात. ही उष्णता आकाशात न सोडता तिच्यावर वाफ करून दुसरे टर्बाइन फिरवतात. आरशांतील तेल मात्र चारशे अंशांच्या आतच ठेवावे लागते, अन्यथा ते विघटित होते. म्हणून पाण्याची वाफ करण्याचे जड काम सूर्याकडे, तर त्या वाफेला अधिक तापवण्याचे काम वाया जाणाऱ्या धगीकडे. शुमन यांची वाफ जेथे दुबळी पडली, नेमकी तेथेच ही जोड कामी येते. शिवाय भर उन्हाळ्यात हवा विरळ झाल्याने वायूचे टर्बाइन मंदावते, तेव्हाच ऊन सर्वांत प्रखर असते. रात्री केंद्र केवळ वायूवर चालते.

तथापि या भागीदारीचे कौतुक बेतानेच केलेले बरे. सुमारे १४० मेगावॅटपैकी सूर्याचा वाटा जेमतेम २० मेगावॅट. मादीत सूर्य यजमान होता. कुरैमातमध्ये तो पाहुणा आहे, आणि घर वायूचेच.

जागतिक पर्यावरण सुविधेच्या अनुदानासाठी अशा चार प्रकल्पांची निवड झाली होती : इजिप्त, मोरोक्को, मेक्सिको आणि भारत. भारताचा प्रकल्प जोधपूरजवळ मथानिया येथे व्हायचा होता. तेथे सूर्याचा वाटा कुरैमातहून मोठा, ३५ मेगावॅटचा योजला होता. वर्षानुवर्षे वाटाघाटी चालल्या. प्रकल्प उभा राहिलाच नाही.