धनादेश न वटल्याचा दावा : बचावासाठी रक्कम जमा करण्याची अट

न वटलेल्या धनादेशाची रक्कम वसूल करण्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ३७ अन्वये संक्षिप्त दावा दाखल करता येतो. अशा दाव्यात प्रतिवादीला बचावाचा हक्क आपोआप मिळत नाही. समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत त्याला हजेरी नोंदवावी लागते. त्यानंतर न्यायनिर्णयासाठीचे समन्स बजावल्यापासून १० दिवसांत प्रतिज्ञापत्राद्वारे बचावाची परवानगी मागावी लागते.

आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाउन (२०१६) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने परवानगीचे निकष स्पष्ट केले. बचाव भरीव असल्यास परवानगी बिनशर्त मिळते. त्याच्या सच्चेपणाविषयी शंका असल्यास रक्कम जमा करण्याची किंवा तारण देण्याची अट घालता येते. बचाव निरर्थक असल्यास परवानगी नाकारली जाते. प्रतिवादीने देणे मान्य केलेली रक्कम न्यायालयात जमा करावीच लागते. अट न पाळल्यास वादी तत्काळ न्यायनिर्णयास पात्र ठरतो.

फौजदारी खटल्यात स्थिती वेगळी आहे. परक्राम्य संलेख अधिनियमाच्या कलम १४३अ नुसार धनादेशाच्या रकमेच्या २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाईचा आदेश देता येतो. मात्र ती न भरल्याच्या कारणावरून आरोपीचा साक्षीदारांच्या उलटतपासणीचा हक्क हिरावता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये स्पष्ट केले.