पदोन्नतीतलं आरक्षण आणि न झालेली मोजणी

परवा वरवट बकालच्या स्टँडवर चहा घेत होतो. बाजूला दोन पोरं मोबाईलवरच्या एका पोस्टवरून तावातावानं बोलत होती. एक म्हणाला, "कोट्यावाले धडाधड साहेब होतात." तिथंच ओळखीचे एक काका बसले होते. शिपाई म्हणून लागले, कनिष्ठ लिपिक झाले आणि त्याच खुर्चीवरून निवृत्त झाले. ते हसले. "बाबू, मी बी त्याच कोट्यातला हाय. मंग मी काहून नाई झालो साहेब?"

पोरं गप्प. म्हणून हा इतिहास लिहितोय.

नोकरीत राखीव जागा महाराष्ट्राला नव्या नाहीत. शाहू महाराजांनी 26 जुलै 1902 रोजी कोल्हापुरात 50 टक्के जागा मागासवर्गीयांसाठी ठेवल्या. पण नोकरीत शिरणं वेगळं आणि वर चढणं वेगळं. बढतीतही आरक्षण चालतं, असं सर्वोच्च न्यायालयानं 1961 मध्ये रेल्वेच्या रंगाचारी खटल्यात सांगितलं. सत्तरच्या दशकापासून आपल्या राज्यातही ते होतं.

1992 च्या मंडल निकालानं चाक उलटं फिरवलं. आरक्षण भरतीपुरतंच, बढतीतलं पाच वर्षांत थांबवा, असा तो निकाल. त्यावर संसदेनं 1995 मध्ये 77 वी घटनादुरुस्ती करून कलम 16(4अ) आणलं. त्यात नावं दोनच आहेत : अनुसूचित जाती आणि अनुसूचित जमाती. हे लक्षात ठेवा.

महाराष्ट्रानं 25 मे 2004 च्या शासन निर्णयानं बढतीत 33 टक्के दिलं. अनुसूचित जाती 13, जमाती 7 आणि उरलेले 13 टक्के विमुक्त, भटके आणि विशेष मागास प्रवर्गाला. म्हणजे बंजारा, धनगर, वंजारी बांधवही त्यात आले. कुणबी, माळी वगैरे ओबीसींना बढतीत आरक्षण नव्हतंच. स्टँडवरच्या वादात हे कुणालाच माहीत नसतं.

मग 2006 चा नागराज निकाल आला. बढतीत आरक्षण द्या, पण आधी दाखवा की त्या पदांवर या लोकांचं प्रतिनिधित्व कमी आहे. आकडे आणा. मागणी सरळ होती. प्रत्येक कर्मचाऱ्याचं सेवापुस्तक सरकारच्याच कपाटात, जातीचा दाखला त्यालाच जोडलेला. कोणत्या पदावर कोण किती, हे मोजायला परग्रहावरून माणूस आणायचा नव्हता.

पण 4 ऑगस्ट 2017 ला उच्च न्यायालयानं 2004 चा निर्णय रद्द केला, तेव्हा न्यायालयाला पटतील असे आकडे सरकारजवळ नव्हते. अकरा वर्षं गेली होती. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं. इकडे 18 फेब्रुवारी 2021 ला आदेश निघाला की 33 टक्के पदं रिकामी ठेवा, बाकीची भरा. तीन महिने होत नाहीत तोच 7 मे ला दुसरा : सगळीच पदं 25 मे 2004 च्या सेवाज्येष्ठतेनुसार भरा. तेही अंतिम निकालाच्या अधीन राहून. म्हणजे बढती मिळालेल्या खुल्या प्रवर्गातल्या माणसाच्या डोक्यावरही टांगती तलवार. 28 जानेवारी 2022 ला सर्वोच्च न्यायालयानं आणखी स्पष्ट केलं की मोजणी संवर्गनिहाय करा, सगळ्या नोकऱ्यांचा एकच गठ्ठा बांधू नका.

2006 पासून या राज्यात काँग्रेस-राष्ट्रवादी, भाजप-सेना, महाविकास आघाडी, सगळे सत्तेत बसले. आरक्षणावर भाषणं सगळ्यांनी केली. म्हणून एकट्या पक्षाला धरून बोलण्यात अर्थ नाही.

आरक्षण असावं की नसावं, यावर तुमचं-माझं मत वेगळं असू शकतं. माझं मत आहे की असावं, कारण खालच्या खुर्च्यांवर गर्दी आणि वरच्या खुर्च्यांवर तुरळक, हे मी वीस वर्षं कार्यालयांचे उंबरे झिजवताना पाहिलंय. पण माझं पाहणं हा पुरावा नव्हे. पुरावा सरकारनं द्यायचा होता.

काकांची पेन्शन कनिष्ठ लिपिकाच्या शेवटच्या पगारावर ठरली. त्यात आता बदल होणार नाही. उठताना ते म्हणाले, "निकाल काई बी लागो भाऊ, पण आमाले मोजलं तं पाह्यजे होतं."

तुमच्या तालुक्यातल्या कार्यालयात कोणत्या पदावर कोणत्या प्रवर्गाचे किती, हे माहिती अधिकारात विचारता येतं. नावं नकोत, फक्त आकडे मागा. उत्तर आलं तर इथं टाका. मग भांडू.