बॉडी पॉझिटिव्हिटी
शरीर जाड, बारीक, सावळे, अपंग कसेही असो, ते सन्मानास पात्र आहे असे मानणारी चळवळ. १९६७ मध्ये न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कात जमलेल्या आंदोलकांनी डाएटची पुस्तके जाळली. १९६९ मध्ये जाड व्यक्तींच्या हक्कांसाठी अमेरिकेत संघटना उभी राहिली. जाडी-बारीकपणावरून आरोग्य ठरवणारा वजन-उंचीचा हिशेब, म्हणजे बीएमआय, किती अपुरा, हे पुण्याचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक व लंडनचे जॉन युडकिन यांनी २००४ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये स्वतःच्याच उदाहरणाने दाखवले. दोघांचा बीएमआय २२.३, शरीरातील चरबी मात्र याज्ञिकांची २१.२ टक्के, युडकिनांची ९.१. म्हणजे बारीक शरीरातही मधुमेहाचा धोका वाढवणारी चरबी लपलेली असू शकते, म्हणून सडपातळ भारतीयानेही रक्तातली साखर तपासायला हवी. देहस्वीकार म्हणजे व्यायामाला रजा, हा गैरसमज आहे. उलट शरीराची लाज वाटणारी व्यक्ती अनेकदा पोहणे, जिम आणि दवाखानाही टाळते.