पुण्याची मंडई : इमारत आणि तिची माणसे

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत पुण्याचा भाजीबाजार शनिवारवाड्यापुढच्या मोकळ्या पटांगणात भरत असे. तो एका छपराखाली आणावा, म्हणून शुक्रवार पेठेतील खासगीवाल्यांच्या बागेच्या जागेवर दगडी मंडई उभारण्याचे ठरले. नगरपालिकेचे सदस्य असलेल्या जोतीराव फुले यांनी या खर्चाला विरोध केला. हा पैसा लोकांच्या शिक्षणावर लागावा, असे त्यांचे म्हणणे होते आणि शाळांची तेव्हाची दैना पाहता ते रास्तच होते. तरीही १८८६ मध्ये मधला उंच मनोरा आणि त्याभोवती पसरलेल्या आठ पाखांची ही इमारत पुरी झाली व तिला मुंबईचे तत्कालीन गव्हर्नर लॉर्ड रे यांचे नाव मिळाले. पुढे आचार्य अत्रे यांच्या पुढाकाराने त्या नावाच्या जागी महात्मा फुले यांचे नाव आले.

मंडईला खरी ओळख दिली ती मात्र गाळेकऱ्यांनी. गाळा म्हणजे एका विक्रेत्याच्या वाट्याला आलेली नेमकी जागा. तिथे उंच ओट्यावर मांडी घालून बसलेली माळीण समोरच्या उतारावर वांगी, गवार, घेवडा रचून ठेवी आणि हात न थांबवता एकीकडे पालेभाजीवर पाणी शिंपडत दुसरीकडे गिऱ्हाइकाशी भावाची हुज्जत घाली. भाजीत माळी, फळांत बागवान, ओझ्याला हमाल आणि शेतकऱ्याचा माल दलाली घेऊन विकून देणारा अडत्या, अशी ही एकमेकांवर विसंबलेली वस्ती होती. गाळा सासूकडून सुनेकडे जाई, तसे गिऱ्हाईकही पिढीजात चालत येई. याच लोकांनी शारदा-गजाननाचा उत्सव वाढवला, आणि १९२४ मध्ये मोतीलाल नेहरू यांच्या हस्ते लोकमान्य टिळकांचा पुतळा बसल्यावर मंडईचा चौक राजकीय सभांचे हक्काचे ठिकाण झाला. येथील रोखठोक बोलीला आणि वादपटुत्वाला पुणेकरांनी ‘मंडई विद्यापीठ’ म्हटले, त्यात कौतुकच अधिक होते.

घाऊक व्यापार गुलटेकडीच्या मार्केट यार्डात गेल्यावर पहाटेची गाड्यांची वर्दळ ओसरली. आता मंडईच्या जतनाविषयी बोलले जाते, तेव्हा चर्चा बहुधा दगडकामाभोवतीच फिरते. इमारतीची डागडुजी व्हायलाच हवी. पण जतनाच्या कोणत्याही आराखड्यात किरकोळ विक्री करणाऱ्या गाळेकऱ्यांचा हक्क आधी नोंदवला गेला पाहिजे.