गोरिला : बंदुकीकडून ओळखीकडे

करंजा, पनवेल, कर्नाळा या बाजूच्या माणसाला वानरांची ओळख लहानपणापासून असते. त्यांचा म्होरक्या, पोर पोटाशीं धरून उडी घेणारी मादी, हें सर्व त्याच्या नित्य पाहण्यांतलें. परंतु वानरकुळांतील सर्वांत प्रचंड जो आफ्रिकेंतील गोरिला, त्याची एवढी ओळख पटावयास विद्वानांना शंभरांवर वर्षें लागलीं. कारण ते हातांत बंदूक घेऊन गेले.

१८४७ सालीं सॅव्हेज व वायमन यांनीं केवळ हाडांवरून गोरिलाचें शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केलें. १९०२ सालीं जर्मन कॅप्टन फॉन बेरिंगे यानें विरुंगा पर्वतांत डोंगरी गोरिला मारला, आणि त्या जातीस मारणाराचेंच नांव मिळालें! १९२१ सालीं कार्ल एकली यानेंही न्यूयॉर्कच्या संग्रहालयासाठीं गोरिला टिपले. पण ती हत्या त्याच्या मनाला लागून राहिली. त्याच्या खटपटीनें १९२५ सालीं बेल्जियन कांगोंत या प्राण्यांसाठीं राष्ट्रीय उद्यान स्थापन झालें.

१९५९ सालीं जॉर्ज शॅलर तेथें गेले, ते बंदुकीवांचून. उघड्यावर शांतपणें बसून त्यांनीं पाहिलें, तेव्हां हा 'राक्षस' पालाकोंब खाणारा कुटुंबवत्सल प्राणी ठरला. हेच शॅलर पुढें १९६३ मध्यें आपल्या कान्हाच्या रानांत वाघांच्या अभ्यासास आले. १९६७ पासून डायन फॉसी यांनीं रवांडांत नाकावरील वळ्यांवरून एकेक गोरिला ओळखला आणि चोरट्या शिकाऱ्यांशीं वैर पत्करलें. १९८५ सालीं त्यांचा खून झाला. त्या काळीं विरुंगांत अवघे २५० च्या सुमारास गोरिला उरले होते. पहारेकरी, पशुवैद्य व प्रवाशांच्या पैशांतून गांवकऱ्यांस मिळणारा वांटा यांच्या बळावर २०१८ सालच्या अहवालांत ही संख्या ६०० वर गेलेली दिसली.

पिंजऱ्यांतील धडा याहून कडू होता. १९५६ सालीं अमेरिकेंत कोलंबस येथील प्राणिसंग्रहालयांत कोलो ही मादी जन्मली. तोंवर बंदिवासांत एकही गोरिला जन्मला नव्हता. म्हैसूरच्या संग्रहालयांतील पोलो हा नर अनेक वर्षें एकाकी राहून २०१४ सालीं मरण पावला. २०२१ सालीं तेथें जर्मनीहून गोरिला आणले, ते मात्र दोन.

कळपावांचून गोरिलाचें जीवन पुरें होत नाहीं, हें ज्ञान रानांत स्वस्थ बसणारांनीं मिळविलें आणि तें पिंजऱ्यांतील प्राण्याच्याही उपयोगीं पडलें. कर्नाळ्याच्या वानरांना ओळखावयाचें असेल, तर तेथेंही हातांतला दगड प्रथम खालीं ठेवला पाहिजे.