न आलेलं आमंत्रण

१९५१ च्या हंगामात सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाच्या ‘डॉन्स’ संघाने नऊ सामने खेळले आणि नऊही जिंकले. हा फुटबॉल आपल्या ओळखीचा नव्हे. लांबट चेंडू हातात घेऊन धावायचा तो अमेरिकी खेळ. जो कुहारिच यांनी घडवलेल्या या संघातला ऑली मॅटसन त्या वर्षी १,५६६ यार्ड धावला, २१ टचडाउन केले आणि दोन्ही बाबतींत देशात पहिला आला. न्यूयॉर्कला फोर्डहॅमविरुद्धचा सामना ३२-२६ असा निसटता जिंकला, तो त्याच्याच जोरावर. जिनो मार्केटी आणि बॉब सेंट क्लेअर याच संघातले. पुढे मॅटसनसह या तिघांना व्यावसायिक फुटबॉलच्या ‘हॉल ऑफ फेम’मध्ये स्थान मिळालं. तरीही हंगाम संपल्यावर एकाही ‘बोल’ सामन्याचं आमंत्रण या संघाला आलं नाही. मॅटसन आणि बर्ल टोलर हे दोन कृष्णवर्णीय खेळाडू संघात होते, हे त्याचं कारण सांगितलं जातं. माझ्या मते ते मूलतः खरं आहे. पण ते सिद्ध करणं अवघड आहे, आणि ते अवघड असणं हाच त्या व्यवस्थेचा गाभा होता.

बोल सामने म्हणजे निमंत्रितांचे सामने. कॅलिफोर्नियातल्या रोझ बोलच्या जागा ठरावीक दोन गटांसाठी राखीव होत्या, त्यामुळे डॉन्ससाठी उरत होते ते मुख्यतः दक्षिणेतले: मायामीचा ऑरेंज, न्यू ऑर्लिन्सचा शुगर, जॅक्सनव्हिलचा गेटर. कुणाला बोलवायचं हे तिथल्या समित्या ठरवत. स्पर्धेतून बाद करायचं तर नियम दाखवावा लागतो. ज्याचं पानच मांडलेलं नाही, त्याला कारण सांगायची गरज पडत नाही. म्हणून पुरावा शोधायचा तो आजूबाजूच्या घटनांत. १९४६ मध्ये पेन स्टेटचा मायामीतला सामना ठरलेला होता. दोन कृष्णवर्णीय सहकाऱ्यांना घेऊन तिथे खेळता येणार नाही असं दिसताच खेळाडूंनी मतदान करून तो सामनाच सोडला. १९४८ मध्ये एल पासोच्या सन बोलने लाफायेत कॉलेजला बोलावलं, पण डेव्हिड शोवेल या खेळाडूला वगळून या, असं म्हटल्यावर कॉलेजने नकार दिला. या दोन्ही वेळी अट उघड झाली, कारण बोलणी आधीच सुरू झाली होती. बोलणीच सुरू केली नाहीत, तर मागे कागदही राहत नाही.

यावर पहिला आक्षेप खेळाच्याच बाजूने घेतला जातो: डॉन्सचे प्रतिस्पर्धी दुबळे होते. ते बऱ्याच अंशी मान्य करायला हवं. नौदलाच्या आणि मरीन दलाच्या तळांवरचे संघ हरवून कुणी राष्ट्रीय विजेता ठरत नाही, आणि असोसिएटेड प्रेसच्या अखेरच्या क्रमवारीत डॉन्स चौदावे होते. शुगर बोलला टेनेसी आणि मेरीलँड गेले, पहिल्या आणि तिसऱ्या क्रमांकाचे; तिथे तक्रारीला जागा नाही. पण गेटर बोलला मायामी आणि क्लेम्सन खेळले, आणि त्या क्रमवारीत हे दोघेही डॉन्सच्या खाली होते. दुबळ्या प्रतिस्पर्ध्यांचं कारण जॅक्सनव्हिलपुरतं टिकत नाही. मायामी आणि क्लेम्सन ही दोन्ही विद्यापीठं त्या काळी कृष्णवर्णीयांना प्रवेशच देत नव्हती, हे लक्षात घेतलं की निवडीचा अर्थ लागतो.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे, आणि डॉन्सची कथा सांगणारे तो सहसा टाळतात. टेक्सासातल्या सन बोलने त्या वर्षी कॉलेज ऑफ द पॅसिफिकला बोलावलं. याच पॅसिफिकला डॉन्सनी ४७-१४ असं लोळवलं होतं, आणि पॅसिफिकच्या संघात एडी मेकन हा कृष्णवर्णीय खेळाडू होता. मग वर्णद्वेष कुठे राहिला? एल पासोपुरतं उत्तर असं की तिथे डॉन्सना डावलण्याचं कारण वर्ण हे नसावं. पैसा असेल, ओळखी असतील, सोबत येणाऱ्या प्रेक्षकांचा हिशेब असेल. पण यातून दक्षिणेची भिंत नव्हती असं ठरत नाही. ती सगळीकडे सारखी उंच नव्हती एवढंच ठरतं. डॅलसच्या कॉटन बोलमध्ये १९४८ सालीच पेन स्टेटचे दोन कृष्णवर्णीय खेळाडू खेळले होते. याउलट शुगर बोलमध्ये १९५६ साली पिट्सबर्गचा बॉबी ग्रायर खेळायला उतरला, तेव्हा जॉर्जियाच्या गव्हर्नरने जाहीर विरोध केला, आणि त्याच वर्षी लुईझियानाने मिश्रवर्णीय खेळांवर कायद्याने बंदी घातली. प्रत्येक गावाने आपापलं ठरवायचं, ही मोकळीकच या प्रथेला टिकवून होती. एका ठिकाणी दार उघडलं की दुसऱ्याला आपलं बंद ठेवायला सबब मिळे.

मॅटसन आणि टोलरला मागे ठेवून याल का, असं विचारलं गेलं आणि सगळ्या संघाने नकार दिला, ही हकिकत मुख्यतः खेळाडूंनी पुढे सांगितलेल्या आठवणींवर उभी आहे. तिच्यातल्या नेमक्या शब्दांवर मी भिस्त ठेवणार नाही. त्या नकारावर मात्र ठेवतो. पेन स्टेट आणि लाफायेतची उदाहरणं समोर असताना तो मुळीच अशक्य वाटत नाही. मात्र या नकारामुळे विद्यापीठाचा फुटबॉल बुडाला, असं म्हणणं अतिशयोक्तीचं आहे. तो तोट्यात होता. शेजारच्या सेंट मेरीजने खेळ आधीच थांबवला होता, सांता क्लाराने वर्षभरात थांबवला. बोलच्या पैशाने एखादं वर्ष निभावलं असतं. १९५१ च्या हंगामाबरोबर डॉन्सचा मोठा फुटबॉल संपला.

शेवटचा सामना त्यांनी लोयोलाविरुद्ध २०-२ असा जिंकला, तो पॅसाडीनाच्या रोझ बोल मैदानावर. पुढच्याच वर्षी टोलरचा गुडघा निकामी झाला आणि त्याचं व्यावसायिक खेळणं सुरू होण्याआधीच संपलं. तो सॅन फ्रान्सिस्कोत शिक्षक झाला, मुख्याध्यापक झाला, आणि १९६५ मध्ये एनएफएल या व्यावसायिक लीगचा पहिला कृष्णवर्णीय पंच. त्या वेळी लीगचे प्रमुख होते पीट रोझेल, १९५१ मध्ये डॉन्सच्या प्रसिद्धीचं काम पाहणारे. जानेवारी १९८० मध्ये सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, रोझ बोल मैदानावर झाला, आणि पंचांच्या पट्ट्यापट्ट्यांच्या सदऱ्यात टोलर तिथे उभा होता.